जंगलवाल्याची हाळी

माझ्या चुलतभावाला शिवाजी पेठेत अजून 'जंगलवाला' म्हणतात. आता त्याला पोट सुटलंय, गुडघे बोलतात, जिना चढला की कठडा धरून उभा राहतो. तरी पानपट्टीसमोरून जाताना 'काय जंगलवाले, बरं हाय न्हवं?' असं विचारल्याशिवाय त्याला कुणी पुढं सोडत नाही. त्यानं काढलेल्या व्यायामशाळेच्या पाटीवर कातडं नेसलेला, वेलीला लोंबकळणारा एक गडी रंगवलाय. चेहरा भावाचा आहे, मानेखालचं अंग कुणाचं आहे ते पेंटरलाच ठाऊक. माहेरी आले की मी ती पाटी बघते आणि माझ्या पोटात दुखायला लागतं. डॉक्टरला दाखवावं असलं दुखणं नव्हे. शेजारणीच्या दारात नवी गाडी उभी राहिली की दुखतं ना, तसलं.

कारण पाटीवरच्या त्या गड्याचं तोंड उघडं आहे. तो आरोळी ठोकतोय. ती आरोळी माझी आहे. ती माझी आहे हे कुणीतरी एकदा चारचौघांत मोठ्यानं म्हणावं, एवढंच मला हवं होतं. त्यासाठी मी लग्न होऊन लेकुरवाळी होईपर्यंत जळत बसले, आणि मला त्याची लाजही वाटत नाही. ज्यांना कधी कुणाचा हेवा वाटला नाही त्यांनी देवळात जाऊन बसावं.

हा जंगलातला वीर आमच्या घरात आणला अण्णांनी. अण्णा म्हणजे माझे वडील. ते शाळेत असताना भाड्यानं मिळणाऱ्या पुस्तकांत तो त्यांना भेटला होता. तेव्हा तो कुणा साहेबाचा हरवलेला मुलगा होता, जनावरांत वाढलेला, आणि शेवटी त्याला म्हणे मोठी इस्टेट मिळायची. मग मॅटिनीला त्याचे सिनेमे यायला लागले. त्यात इस्टेट गेली आणि मगरी आल्या. पुढं आपल्याकडच्या लोकांनी त्याच्या नकला काढल्या, त्यात गाणी घुसली, मिशीवाला खलनायक घुसला, आणि दर खेपेला कातडं थोडं आखूड होत गेलं. त्याला लहानाचा मोठा कुणी केला यावर कधीच एकमत नव्हतं. कुठं वानरांनी, कुठं लांडग्यांनी, एका ठिकाणी तर हत्तिणीनं. अण्णा हे सगळं जेवताना हातवारे करून सांगायचे आणि भाकरी गार व्हायची. आई एकदा म्हणाली, "वाढवलं कुणी त्येचं धड नाव न्हाय कुणाला, आणि गाजलं कोण बघा!" मी तेव्हा हसले होते.

कोल्हापुरात पोचेपर्यंत तो पैलवान झाला होता. आमच्या गल्लीतल्या पोरांच्या खेळात तो अंगाला तांबडी माती लावायचा, शड्डू ठोकायचा आणि सिंहाला दम द्यायचा, "गप बस की लेका!" त्याला जंगलात थंडाई मिळायची. तिकडच्या मूळ माणसानं हे बघितलं असतं तर झाडावरून पडला असता, पण आम्हाला त्यात काही चुकलंय असं वाटायचं नाही. जो वीर आपल्या गल्लीत येतो त्यानं आपल्यासारखं वागावं, एवढी साधी गोष्ट होती.

खेळात वीर नेहमी दादा असायचा. दादा म्हणजे हाच तो चुलतभाऊ, काकांचा थोरला. माझ्याहून काही महिन्यांनीच मोठा, पण दादा म्हणावं लागायचं. रंकाळ्याच्या अंगाला तेव्हा एक वड होता, त्याच्या पारंब्यांना लोंबकळायला आम्ही जायचो. दादाला उंचीची भीती. तो नेमकी अशी पारंबी धरायचा की सोडली तरी पाय जमिनीवर असतील. मी शेंड्याला जायचे. वरून मला सगळं तळं दिसायचं आणि दादाचा भांग दिसायचा. तरी खाली उतरले की राजा तोच, आणि मी कधी माकड, कधी मगर. राग यायचा, पण खेळातून काढून टाकतील म्हणून गप्प बसायचे.

एक गोष्ट मात्र त्याला येत नव्हती, ती म्हणजे आरोळी. ती मी उचगावहून आणली होती. उचगाव आईचं माहेर. मामाकडं म्हशी होत्या, आणि दुपारी त्या पाण्यात जाऊन बसल्या की त्यांना बाहेर काढायला मामा हाळी घालायचा. तोंडाभोवती दोन्ही तळहात, आधी पोटातून उचललेला लांब सूर, मग तो मध्येच मोडायचा आणि पुन्हा वर चढवून सोडून द्यायचा. दर घरची हाळी वेगळी असते. एका घरच्या हाळीला दुसऱ्या घरची म्हैस कानसुद्धा हलवत नाही. दिवाळीच्या पाडव्याला शिंगं रंगवून म्हशी पळवतात तेव्हा एवढ्या गलक्यातही आपापल्या हाळीमागं बरोबर धावतात, ते याच्यामुळं. मामानं मला त्यांच्या घरची हाळी शिकवली होती, आणि मी ती वडाच्या शेंड्यावरून घालायचे. पोरांना वाटायचं हीच ती जंगलातली आरोळी. मलाही तसंच वाटायला लागलं होतं.

नव्वदीच्या सुरुवातीचा एक गणेशोत्सव. आमच्या मंडळानं सजीव देखावा करायचा ठरवला. सजीव देखाव्यात माणसं स्टेजवर नुसते हावभाव करतात. बोलणं, संगीत, विजांचा कडकडाट सगळं आधी टेप करून कर्ण्यांतून सोडतात. ही दोन्ही कामं आमच्याच घरात होती. काकांचा धंदा मांडवाचा आणि अण्णांचा लाऊडस्पीकरचा. शेजारच्या मंडळांचे देव आणि राक्षस ठरलेले होते, म्हणून अण्णांनी सुचवलं, आपण जंगलातला वीर करू. चोरटे शिकारी येतात, एका मेमसाबला पळवतात, वीर वेलीवरून झोका घेत येतो आणि शिकाऱ्यांना लोळवतो. शेवटी गणपतीला नमस्कार. सगळ्यांना पटलं.

मी काकांसमोर जाऊन उभी राहिले आणि म्हणाले, "वीर मी करतो की." आमच्याकडं पोरी अशाच बोलतात. काकांनी चहाची बशी खाली ठेवली. "पोरीच्या जातीनं कातडं नेसून लोंबकळायचं? पेठंत तोंड दाखवायला जागा ठेवतीस का न्हाय?" मी म्हटलं, मग मेमसाब तरी करतो. तर मंडळाच्या स्टेजवर पोरी चढवायच्याच नाहीत असं निघालं. मेमसाब झाला कोपऱ्यावरच्या शिंप्याचा किडकिडीत मुलगा. त्याला अंगात घालायला काही नव्हतं, म्हणून काकी आमच्या घरी आल्या, ट्रंक उघडली आणि माझा झालरीचा गुलाबी फ्रॉक घेऊन गेल्या. मला विचारलं नाही. उत्सव झाल्यावर तो परत आला तेव्हा काखेत उसवला होता आणि गळ्याला लालीचे डाग होते. तो मी पुन्हा घातला नाही.

टेप आमच्या मागच्या खोलीत झाली. बाहेरचा आवाज येऊ नये म्हणून दाराखिडक्यांना गोधड्या लावल्या होत्या, आणि एका खिडकीला खिळा नव्हता म्हणून तिथली गोधडी धरून मी उभी होते. सगळे संवाद नीट झाले. मग आली आरोळी. दादानं छाती फुगवली, मूठ आपटली, आणि घशातून जे काही निघालं त्याला अण्णा म्हणाले, "कोंबडं झाकायचं राहिलं का कुठं?" पुन्हा केलं, पुन्हा तेच. घामानं सगळे बेजार झाले, दादाच्या डोळ्यांत पाणी आलं. हात भरून आला तशी माझी सहनशक्ती संपली. मी गोधडी सोडली, तळहात तोंडाभोवती धरले आणि उचगावची हाळी पोटातून उचलून सोडली.

मग काका म्हणाले, "हीच घे." अण्णांनी मला मायक्रोफोनसमोर उभं केलं. टेपच्या मोटारीला एक बारीक स्क्रू असतो, हाळी टेप झाल्यावर तो त्यांनी किंचित फिरवून ती परत लावली. टेप सावकाश फिरायला लागली आणि माझा आवाज जाड, भरदार, बाप्याचा झाला. ऐकताना माझ्याच अंगावर काटा आला. अण्णा माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले, "झ्याक! पण कुठं बोलू नगंस हां. देखाव्याची मजा जाती." मी मान हलवली. दादानंही हलवली, जरा जास्तच जोरात.

पहिल्या प्रयोगाला रस्ता भरून माणसं होती. दादा लाकडी मचाणावर आला, कमरेला आत दोरी बांधलेली, अंगाला तेल. त्यानं तोंड उघडलं आणि चार कर्ण्यांतून मी ओरडले. पोरं किंचाळली, म्हाताऱ्या बायकांनी कानांवर हात ठेवले, मागून शिट्ट्या आल्या. माझा आवाज वर होता, माझा फ्रॉक वर होता, मी तेवढी खाली बायकांच्या सतरंजीवर होते. शेजारची बाई मला म्हणाली, "तुझ्या दादाचा काय गळा गं!" मला त्या बाईला चिमटा काढावासा वाटला.

उचगावचा मामा देखावा बघायला आला होता. आरोळी ऐकली आणि हसून हसून त्याला ठसका लागला. शेजारच्या गड्याला तो म्हणाला, "ही आरोळी कुठली? ही आमच्या म्हशीची हाळी हाय!" तो गडी म्हणाला, "पावणं, तुमास्नी सगळीकडं म्हशीच दिसत्यात." मामानं माझ्याकडं बघून डोळा मारला आणि भेळ आणायला गेला. ओळखणारा तेवढा एकच माणूस, आणि त्याचं कुणी ऐकलं नाही.

पुढं दर वर्षी देखावा झालाच. लोकच मागायला लागले. दादा 'जंगलवाला' झाला तो तेव्हापासून. मिसळीच्या गाडीवर त्याला कट जास्त मिळायचा, तालमीत मोठे पैलवान त्याला नावानं हाक मारायचे, कॉलेजात गेल्यावर तर पोरी वळून बघायच्या. कुणी म्हणालं, "मार की एक आरोळी," तर तो गळ्याला हात लावायचा. "आवाज जपावा लागतो. गणपतीला बघा." हे तो इतक्या सहज म्हणायचा की त्याला स्वतःलाच ते खरं वाटत असावं. मी समोर उभी असले तरी त्याची जीभ अडखळायची नाही. एकदा आम्ही दोघंच असताना मी म्हटलं, "दादा, एकदा सांग की लोकांना." तो म्हणाला, "अगं सांगून काय हुतंय? कोण इस्वास ठेवणार हाय?" मग भांग सारखा करत म्हणाला, "आणि माझं काय ऱ्हाईल?" त्या दुसऱ्या वाक्याचाच मला जास्त राग आला.

वीर मात्र बदलत गेला. आधी तो वाघाशी कुस्ती करायचा. मग वाघ मारणं चांगलं दिसेना, म्हणून तो वाघाला वाचवायला लागला. नंतर त्याच्या तोंडी झाडं लावायचा उपदेश आला, आणि झोका घेऊन उतरला की तो रोप हातात धरून उभा राहायचा. शिंप्याच्या मुलाला दाढी आल्यावर मेमसाब बदलली, शेवटी मेमसाब काढूनच टाकली. कातडं आधी खरं वाटेल असं रंगवलेलं गोणपाट होतं, मग बाजारात चट्ट्यापट्ट्यांचं मखमली कापड आलं. संवाद दर वर्षी नवे टेप व्हायचे. आरोळी तीच राहिली. अण्णा ती जुन्या कॅसेटवरून नव्या कॅसेटवर उतरवून घ्यायचे आणि म्हणायचे, "हिला हात लावायचा न्हाय."

माझं लग्न गडहिंग्लजला झालं. नवऱ्याला पहिल्याच वर्षी सगळं सांगितलं. तो पेपर वाचत होता. "असंल की," म्हणाला. एवढंच. गणपतीला मी न चुकता माहेरी यायचे आणि सतरंजीवर बसून स्वतःचा लहानपणीचा आवाज दादाच्या तोंडातून ऐकायचे. लोकांना वाटायचं भावाच्या कौतुकाला येते.

दोन हजार सालानंतर घराघरांत केबल आली आणि माझ्या मुलीला तो वीर कार्टूनमध्ये भेटला. आता तो वेलींना लोंबकळतसुद्धा नव्हता, फांद्यांवरून सुसाट घसरत जायचा. एका कार्टूनमध्ये तर तो नव्हताच. त्याच्या जागी एक पोरगी होती, केस मोकळे, हातात भाला, स्वतःच झोके घेते, स्वतःच आरोळी ठोकते, आणि कुणी काका येऊन तिला पेठेत तोंड दाखवायला जागा मागत नाही. मुलगी टाळ्या वाजवत होती. मी भाजी निवडता निवडता त्या चितारलेल्या पोरीवरसुद्धा जळले. इतकी वर्षं कुठं होतीस, बये?

मुलगी उन्हाळ्याच्या सुट्टीत उचगावला राहायची. मामाच्या गळ्याचं ऑपरेशन झालं होतं, त्याचा आवाज आता नीट फुटत नव्हता. म्हशींना हाळी मामी घालायची, आणि सुट्टीत माझी मुलगी. मामानं हातवारे करून तिला शिकवली होती. ती शिकल्याचं मला कौतुक होतं. तेव्हा होतं.

ज्या वर्षी हे सगळं फुटलं त्या वर्षी मंडळाला वन्यजीव वाचवायचे होते. दाजीपूरच्या जंगलातले गवे दाखवायचे ठरले. गवा आणायचा कुठून? मग आमच्या पेठेला जे सुचेल तेच सुचलं: म्हैस आणा. काळी आहे, शिंगं आहेत, अंगानं दांडगी आहे, आणखी काय पाहिजे? मामानं त्याची सगळ्यात गरीब म्हैस संध्याकाळची धार काढून टेम्पोतून पाठवली, बरोबर स्वतः आला. गव्याचे पाय गुडघ्यापासून खाली पांढरे असतात, म्हणून तिच्या चारी पायांना पांढऱ्या कापडाच्या पट्ट्या गुंडाळल्या. ती मोजे घातलेल्या हेडमास्तरीणबाईसारखी दिसायला लागली. झुडपामागं घमेल्यात पेंड ठेवली होती. वीर आरोळी ठोकणार, मामा मागून दावं सैल सोडणार, म्हैस पेंडीकडं येऊन मान खाली घालणार, आणि लोकांना वाटणार की गवा वीरापुढं झुकला. स्टेज बुटकं, पुढं उतरती फळी. तालीम करायला वेळ मिळाला नव्हता. पण म्हशीला काय तालीम द्यायची, असं सगळ्यांचं म्हणणं पडलं.

दिवेलागणीला पहिला प्रयोग सुरू झाला. मी सतरंजीवर, मुलगी माझ्या मांडीला टेकून, पुढं लहान पोरांची दाटी. अण्णा बाजूला त्यांच्या अँप्लिफायरपाशी, आता थकलेले, पण बटणाला दुसऱ्या कुणाचा हात लागू देत नव्हते. दादा मचाणावर आला. पोट आत घेतलं होतं. त्यानं छाती फुगवली, तळहात तोंडाभोवती धरले, तोंड उघडलं. आणि लाइट गेली.

कर्णे बंद. गल्ली काळी. मग मागच्या पोरांनी मोटारसायकली चालू करून हेडलाइट स्टेजवर मारले. त्या उजेडात दादा तसाच उभा होता, तोंड उघडं, आवाज नाही. कुणीतरी ओरडलं, "अवो जंगलवाले, लाइट गेली म्हणून गळा बी गेला व्हय?" लोक हसले. दादानं तोंड मिटलं, पुन्हा उघडलं. मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू? इतक्या वर्षांत पहिल्यांदा मला त्याची जागा नको होती. मी मांडी घालून निवांत बघत बसले.

पण म्हैस बिथरली. डोळ्यांत हेडलाइट, समोर गाड्यांचा आवाज. तिनं हिसका दिला आणि मामाच्या हातातलं दावं सुटलं. मामा ओरडायला गेला, घशातून नुसती हवा निघाली. ती फळीच्या टोकाशी येऊन मान उडवायला लागली आणि खाली पोरं एकमेकांच्या अंगावर पडायला लागली. मी कधी उठले ते मला आठवत नाही. तळहात तोंडाभोवती गेले आणि हाळी निघाली. कर्ण्याशिवाय, स्क्रूशिवाय, बाईच्या आवाजात.

म्हैस थांबली. कान माझ्याकडं वळवले. मग वीराला, पेंडीला आणि वन्यजीवांना सोडून ती फळीवरून एकेक पाय टाकत उतरली. पोरं आपोआप बाजूला झाली. ती सरळ बायकांच्या सतरंजीवर आली आणि ओलं तोंड माझ्या पदराला लावून उभी राहिली, पांढरे मोजे घालून. सगळी गल्ली माझ्याकडं बघत होती. ती आरोळी तिथल्या लहानथोरांना पाठ होती. ती कुठून आली हे आता कुणाला सांगायची गरज नव्हती.

तेवढ्यात दादानं डोक्यावरचा केसांचा टोप काढला. मचाणावरून ओरडला, स्वतःच्या कोंबड्याच्या आवाजात, "ऐका! ह्यो आवाज हिचाच हाय! पहिल्या वर्षापासनं! मी नुसतं तोंड उघडतोय!"

झालं. चारचौघांत, मोठ्यानं, जसं मला हवं होतं तसंच. आणि मग टाळ्या पडल्या. अशा टाळ्या त्या स्टेजला कधी पडल्या नव्हत्या. दादाला! लोक म्हणत होते, मन बघा केवढं, भर पेठंत कबूल केलं, ह्याला म्हणायचं मर्द. शेजारच्या बाईनं डोळ्याला पदर लावला. "असा भाऊ मिळायला नशीब लागतं गं." मी म्हशीचं दावं धरून उभी होते आणि माझ्या टाळ्या माझ्या डोक्यावरून वर चालल्या होत्या.

दादा खाली आला, म्हशीला ओढायला लागला. ती हलेना. "बोलव की तिला वर," तो हळूच म्हणाला. "माझं ऐकंना झालीया." मग मीच पुढं झाले. बायकांच्या सतरंजीवरून निघून, फळी चढून, नऊवारीतल्या काक्यांच्या आणि मंडळाच्या सगळ्या गड्यांच्या देखत मी आयुष्यात पहिल्यांदा त्या स्टेजवर गेले. म्हैस माझ्या मागून आली. कुणी अडवलं नाही. काकांनीसुद्धा नाही. मागं पडद्यावर रंगवलेलं जंगल होतं, जवळून बघितलं तर नुसते हिरवे फराटे. समोर हेडलाइट, डोळे दिपले, खालचं काहीसुद्धा दिसेना. पण माणसं गप्प झाल्याचं कळत होतं. ती माझ्यासाठी गप्प झाली होती. मी श्वास भरून घेतला. आता एकदा नीट, सगळ्यांसमोर, माझ्या तोंडानं.

आणि खालून हाळी आली.

माझ्या जागेवरून, सतरंजीवरून. आधी पोटातून लांब सूर, मध्ये मोडला, मग वर चढला आणि सुटला. लहान पोरीचा, स्वच्छ, माझा कधी नव्हता इतका उंच. म्हशीचे कान तिकडं वळले. तिनं माझ्याकडं पाठ केली आणि फळीकडं निघाली, आणि अंधारात लोकांनी नव्यानं टाळ्या धरल्या.

दादा शेजारी येऊन उभा राहिला. अंगाला तेलाचा आणि घामाचा वास. कानाशी वाकून म्हणाला, "तोंड उघड की. लोक बघत्यात."

मी उघडलं नाही. म्हशीचं दावं माझ्या हातातून सरकत गेलं. खाली बायका माझ्या मुलीला विचारत होत्या, कुणाची गं तू, काय गळा हाय गं तुझा. माझ्या पोटात दुखायला लागलं.